आप्पांनी बघितलेली गाणी

माझ्या वडिलांना ऐकू येत नाही, हे कळायला मला नऊ वर्षं लागली. मी इंजिनिअर आहे. आमच्या घरात, आणि वडिलांच्या सगळ्या चुलत-मावस गोतावळ्यात, कॉलेजची पायरी चढलेला पहिला माणूस मी. हे मी आजवर मिरवत आलो आणि अजून मिरवतो, त्यात लपवण्यासारखं काही नाही. पण ही नऊ वर्षंही माझीच आहेत, तेव्हा तीही सांगितली पाहिजेत.

आमचं घर कबनूरला. पुढं दोन खोल्या आणि मागच्या भिंतीपलीकडं दुसऱ्याच्या मालकीचा मागांचा कारखाना. पत्र्याच्या शेडमध्ये सोळा माग खडखडत असले की आमच्याकडं त्याला कारखाना म्हणतात. वडील, म्हणजे आमचे आप्पा, तिथं जॉबर होते. बिघडलेला माग दुरुस्त करून परत चालता करणारा तो जॉबर. मागांच्या आवाजात तोंडानं बोलून काही उपयोग नसतो. तिथं बोलायचं ते हातानं आणि ओठांनी. अंगठा ओठाला लावला की चहा. दोन बोटं कात्रीसारखी हलवली की ताना, म्हणजे उभा धागा, तुटलाय. समोरच्याच्या ओठांकडं बघून वाक्य उचलायची सवय मागावरच्या प्रत्येकाला असते, आणि ती घरीही सुटत नाही. आमच्या घरात हळू कुणीच बोलत नसे. आईनं मीठ मागितलं तरी गल्लीला वाटावं, भांडण लागलंय. अशा घरात एखादा माणूस हळूहळू बहिरा होत गेला, तर ते कुणाच्या लक्षात येणार?

आप्पा ढोलकी वाजवायचे. गावच्या भजनी मंडळात, आणि जत्रांच्या दिवसांत एका ऑर्केस्ट्राबरोबर. हातकणंगल्यापासून माणसं त्यांचा हात ऐकायला यायची, ही बढाई नाही, मी डोळ्यांनी बघितलंय. रात्रपाळी नसली की संध्याकाळी ते दारापुढच्या सोप्यात बसून तासभर वाजवायचे. अकरावीला मी एकदा त्यांना म्हणालो, "आप्पा, हे बंद करा आता. माझा अभ्यास होत नाही."

ते हसले. ढोलकी आईकडं देत म्हणाले, "ठेव गं वर माळ्यावर. सायबाचा अभ्यास हाय. बारावी झाली की काढू."

आता खरं सांगतो. भिंतीपलीकडच्या सोळा मागांच्या खडखडाटात माझा अभ्यास व्यवस्थित व्हायचा. अडचण आवाजाची नव्हतीच. एका जत्रेत नाचणाऱ्या बायकांच्या मागं बसून वाजवताना त्यांना माझ्या कॉलेजातल्या दोन पोरांनी बघितलं होतं, ती अडचण होती. बारावी झाली, मग डिप्लोमा, मग डिग्री. ढोलकी काही खाली आली नाही, आणि मीही विचारलं नाही.

डिग्री कापड उद्योगाची. आमच्या भागातली ही डिग्री घेतलेली बरीच पोरं इंडोनेशियातल्या गिरण्यांत नोकरीला जातात. तिकडं भारतीय लोकांनी काढलेल्या गिरण्या आहेत आणि त्यांना मागाची भाषा कळणारी माणसं लागतात. मला जावा बेटावरच्या एका गिरणीत विणकाम विभागात नोकरी लागली. निघताना गल्लीतला एक म्हातारा आप्पांना म्हणाला, "एवढं शिकवून पोरगं परत मागावरच धाडलंस की रं."

आप्पा त्याच्या ओठांकडं बघत होते. म्हणाले, "मागावर न्हवं. मागाच्या वर."

तिकडच्या गिरणीत नियम कडक. विणकाम विभागाच्या दाराशी एक डबा असायचा, त्यात स्पंजचे पिवळे बोळे. दोन्ही कानांत बोळे घातल्याशिवाय आत सोडत नसत. नऊ वर्षं मी रोज सकाळी ते कानात घालत होतो. आवाजानं कानाचं काय होतं ह्यावर डिग्रीच्या परीक्षेत पाच मार्कांचं उत्तर मी लिहिलं होतं, आणि पाच पैकी साडेचार मिळवले होते. आप्पांच्या कानात कधी कापूससुद्धा नव्हता. हे दोन्ही मला माहीत होतं. दोन्ही एका जागी ठेवून बघायचं सुचलं नाही.

पहिल्याच वर्षी एका मागवाल्या बाईच्या पोरीचं लग्न होतं. तिनं सगळ्या खात्याला बोलावलेलं. गल्लीत मांडव, मांडवात स्टेज, स्टेजवर चमकीचे कपडे घातलेली गायिका आणि दोन्ही बाजूंना माणसाच्या उंचीचे स्पीकर. मला वाटलं, मी आपल्याकडच्याच जत्रेत येऊन पडलोय. पाहुणे नाचत वर जायचे, गायिकेच्या हातात नोटा द्यायचे, डुलत खाली यायचे. ही तर आपली दौलतजादा. गाणं सुरू झालं तेव्हा मी जेवता जेवता थांबलो. शब्द त्यांचे, पण चाल एका जुन्या हिंदी सिनेमातल्या गाण्याची. आणि खाली ठेका. तबल्याचा चुलतभाऊ म्हणावा अशा दोन ढोलांवर एक किडमिडीत माणूस असा काही वाजवत होता, की मला आमचा सोपा आठवला.

ह्या संगीताला ते लोक दांगदुत म्हणतात. ढोलाच्या दोन बोलांवरूनच हे नाव पडलंय, असं मला कुणीतरी सांगितलं. मी मोबाईलवर दोन मिनिटांचा व्हिडिओ काढला आणि आप्पांना पाठवला. खाली लिहिलं, चाल ओळखा.

आप्पांना लिहायचा कंटाळा. ते मोबाईल तोंडासमोर धरून मोठ्यानं बोलायचे आणि ते बोलणं मला पाठवायचे. उत्तर आलं, "वळीकली की. भारी हाय. पर त्या गड्याचा डावा हात बघ. तळवा टेकवूनच ठेवलाय त्यानं. उचलतच न्हाय."

कोणतं गाणं ते त्यांनी सांगितलं नाही. मला त्याचं काहीच वाटलं नाही. मी छाती फुगवून शेजारच्या खोलीतल्या माणसाला ते ऐकवलं. म्हटलं, हा माझा बाप. लोक गाणं ऐकतात, हा माणूस हात ऐकतो.

तेव्हापासून मी पाठवतच राहिलो. लग्नातली गाणी, बसथांब्यावरची, टपरीवर लागलेली. दर वेळी उत्तर हातांबद्दल. एकदा मी एका लांबट ढोलाचा व्हिडिओ पाठवला. जमिनीवर तिरका ठेवलेला, आणि वाजवणारा वाजवता वाजवता पायाची टाच चामड्यावर दाबून आवाज चढवत-उतरवत होता. आप्पांनी त्या दिवशी चारदा बोलून पाठवलं. "अरं, पायानं दाबतोय की त्यो! आपल्याकडं असं कुणी करत न्हाय. परत पाठव. जरा जवळनं काढ." मी पुढच्या रविवारी बस पकडून दोन तास लांबच्या गावी गेलो आणि जवळनं काढून आणलं.

फोनवर मात्र ते बोलत नसत. "तुझी आई बोलंल," एवढं म्हणायचे. मला वाटायचं, बापलोकांची तऱ्हाच ही.

माझ्या हाताखाली एक तिथलाच सुपरवायझर होता, डिप्लोमा झालेला. त्याच्याही घरात शिकलेला तो पहिलाच. सुरुवातीला मी दांगदुतची गोष्ट काढली की तो नाक मुरडायचा. "कांपुंगान," म्हणायचा. म्हणजे खेडवळ, गावंढळ. ड्रायव्हर आणि हमाल लोकांचं संगीत. तो इंग्रजी गाणी ऐकायचा, आणि सिनेमाला गेला तर अमेरिकेतलाच बघायचा. त्याचे वडील रिक्षावाले होते. त्याचं नाक मुरडणं मला लगेच ओळखू आलं. सोप्यातली ढोलकी माळ्यावर टाकणारं नाक तेच.

मग माझ्या डोळ्यांदेखत सगळं बदलत गेलं. तरुण गायक आले. राजधानीच्या भाषेत गायचं सोडून ते आपल्या जावाच्या बोलीत गाऊ लागले, म्हणजे मी आप्पांच्या भाषेत, हाय-न्हायमध्ये गाणं म्हणावं तसं. गाणी सगळी दुःखाची. सोडून गेलेली पोरगी, बसस्टँडवर वाट बघणं, दिलेला शब्द. ती मोबाईलवरून गावोगाव गेली आणि मग शहरातल्या कॉलेजांत शिरली. मैदानं भरू लागली. पोरं-पोरी हात वर करून मोठ्यानं गात रडायची. सिनेमाचंही तेच. मी गेलो तेव्हा थिएटरच्या बाहेर चार चित्रं परदेशी आणि एक त्यांचं असायचं. मी परतलो तेव्हा ते उलटं झालं होतं. त्यांची भुतं, त्यांच्या खेड्यातली शापित घरं, त्यांच्या सासवा. मागावरच्या बाया सुट्टीला घोळक्यानं सिनेमाला जायच्या आणि सोमवारी खात्यात खाणाखुणांनी एकमेकींना गोष्ट सांगायच्या.

माझा सुपरवायझर एकदा मला अशाच एका कार्यक्रमाला घेऊन गेला. सगळे गात होते, तोही गात होता, आणि त्याच्या डोळ्यांतून पाणी वाहत होतं. मी म्हटलं, "काय रे, गावंढळ ना हे?"

तो म्हणाला, "पाक, माझे वडील हेच ऐकायचे. मी त्यांना रेडिओ बंद करायला लावायचो. आता ते नाहीत." पाक म्हणजे साहेब, किंवा वडीलधारा. मी त्याच्या पाठीवर हात ठेवला. मनात आलं, माझे वडील आहेत. मला अजून वेळ आहे.

नवव्या वर्षी करार संपला आणि मी कायमचा परत आलो. मधल्या सुट्ट्यांत लग्न झालं होतं, मुलगीही झाली होती, दोघी इकडंच होत्या. कोल्हापुरात घर केलं, आई-आप्पांना कबनूरहून तिथं आणलं. आप्पांसाठी मी एक चांगला स्पीकर आणला होता. ठरवलं होतं, नऊ वर्षांची सगळी गाणी त्यांना नीट, मोठ्या आवाजात ऐकवायची आणि मग म्हणायचं, आता ढोलकी काढा. मी त्यांचा मोबाईल स्पीकरला जोडायला घेतला. माझे सगळे व्हिडिओ त्यात होते, एकही पुसलेला नव्हता. आणि आवाज शून्यावर.

आईला म्हटलं, "ह्याचा आवाज कुणी बंद केलाय?"

आई भाजी निवडत होती. म्हणाली, "बंदच असतोय त्यो. तुझा बा आवाज लावतोय कुठं? नुसता बघत बसतोय."

आप्पा आमच्याकडं पाठ करून खिडकीशी बसले होते. मी स्पीकर पूर्ण मोठा केला. तेच पहिलं लग्नातलं गाणं. शेजारीण दारात आली. आप्पा खिडकीबाहेर बघत राहिले.

कानाच्या तपासणीला मी त्यांना दवाखान्यात नेलं. काचेची एक छोटी खोली असते. आत पेशंट कानाला यंत्र लावून बसतो, बाहेर तपासणारी बाई एकेक आवाज सोडते, आणि ऐकू आला की पेशंटनं हातातलं बटण दाबायचं. आप्पा पटापट बटण दाबू लागले. एकही चुकेना. मला वेड्यासारखा आनंद झाला. पण त्या बाई हुशार होत्या. त्या उठल्या, आत गेल्या आणि आप्पांची खुर्ची भिंतीकडं वळवून आल्या. मला म्हणाल्या, "ते माझी बोटं बघत होते, सर. मी कळ दाबली की ते बटण दाबत होते."

खुर्ची वळवल्यावर आप्पांनी बराच वेळ बटण दाबलं नाही. हात मात्र तयारीत, अंगठा बटणावर. मी काचेतून त्यांची पाठ बघत होतो.

बाहेर आल्यावर बाईंनी त्यांच्या समोर बसून विचारलं, "आजोबा, हे कधीपासून?"

"ह्यो अकरावी-बारावीला हुता तवा चाट जरा बारीक लागाय लागली," आप्पा म्हणाले. चाट म्हणजे ढोलकीच्या कडेचा टणक बोल. "मग डिप्लोमाला गेला, तवा ती गेलीच. डाव्या हाताचा आवाज लई दिवस हुता. त्यो ह्याच्या डिग्रीच्या वक्ताला गेला."

बाई लिहून घेत होत्या. त्यांना ह्यात माझं काही दिसलं नसणार. मला सगळं दिसलं. त्यांच्या कानात आवाज शिल्लक होता ती शेवटची वर्षं, आणि मी त्यांची ढोलकी माळ्यावर टाकलेली वर्षं, एकच होती.

परत येताना बसमध्ये मी त्यांच्याकडं तोंड करून विचारलं, "आप्पा, सांगितलं का नाही?"

"कुणाला? तुला?" ते म्हणाले. अख्ख्या बसला ऐकू गेलं. "तुला सांगून काय? पुस्तकं टाकून मागावर आला असतास. बा भैरा झाला म्हणून."

मी तोंड खिडकीकडं वळवलं. कारण मी आलो नसतो. दोन दिवस रडलो असतो आणि अभ्यासाला बसलो असतो. हे मला माहीत आहे. आप्पांना ते माहीत नाही. माझ्याबद्दल एवढी चांगली समजूत जगात दुसऱ्या कुणाची नाही, आणि ती मी मोडलीही नाही.

कानाचं यंत्र घेतलं. चांगलं घेतलं. आप्पांनी ते पंधरा दिवस लावलं. ढोलकी मी स्वतः माळ्यावरून आणली, वादी ओढून घेतली, समोर ठेवली. त्यांनी दोन थापा मारल्या आणि हात काढला. "कानात माग सुरू केलास की रं," म्हणाले. "ही ढोलकी न्हवं. पत्रा हाय." यंत्र डबीत गेलं. पुढं मीही आग्रह केला नाही.

पण गाणी बघायचं त्यांनी सोडलं नाही. उलट रविवारी दुपारी जेवण झालं की स्वतःच म्हणायचे, "तुझ्या तिकडचं कायतरी लाव." मग मी टीव्हीवर इंडोनेशियातले सिनेमे लावू लागलो. आई, बायको, आमची मुलगी, सगळे बसायचे. भाषा माझ्याशिवाय कुणालाच येत नव्हती. मी सांगायला तोंड उघडलं की आप्पा हात वर करायचे. "तू गप बस. तुला येतंय. आमी वळकतो."

आई म्हणायची, "ही सवत दिसतीया."

"सवत न्हवं. भन हाय. डोळं बघ की दोघींचं," आप्पा खुणा करत म्हणायचे. आणि बहुतेक वेळा तेच बरोबर असायचे. आयुष्यभर ओठ आणि चेहरे वाचलेला माणूस. घरातल्या कुणापेक्षाही त्यांना सिनेमा जास्त कळायचा. मुलगी पैज लावून हरायची. एकदा मी विचारलं, "आप्पा, एवढं काय आवडतं ह्यात?"

ते सरळ म्हणाले, "ह्यात समदी सारखीच हैत. मला कळत न्हाय, तसं कुणालाच कळत न्हाय."

नऊ वर्षं मी पाठवलेली गाणी आप्पा का बघत होते, ते मला त्या दिवशी समजलं. आमच्या गाण्यात ते बहिरे होते. तिकडच्या गाण्यात नव्हते.

गेल्या वर्षी मुलगी मोबाईल घेऊन आली. "पप्पा, हे बघा, तुमच्या तिकडचे भुताचे पिक्चर आता हिंदीत आलेत. कितीतरी आहेत." मला अभिमान वाटला, खोटं कशाला सांगू. ज्या सिनेमांना त्यांचीच शिकलेली माणसं गावंढळ म्हणत होती, ते आता आमच्या कोल्हापुरात, आमच्या घरात, आमच्या भाषेच्या शेजारच्या भाषेत येऊन बोलत होते. त्या रविवारी त्यातलाच एक लावला.

आई पहिल्यांदाच गोष्ट ऐकत होती. अंदाज करायची गरजच नव्हती, पात्रं सगळं सांगत होती. बायको दचकत होती, मुलगी हसत होती. आप्पांनी थोड्या वेळानं आईच्या गुडघ्यावर थाप मारली. "ही मेलेली हाय न्हवं?"

"नाही आजोबा, ती जिवंत आहे. तिनंच सांगितलं आत्ता," मुलगी मोठ्यानं म्हणाली. पण तिचं तोंड टीव्हीकडं होतं.

आप्पांनी एकेकाकडं बघितलं. कुणाचेच ओठ त्यांच्याकडं नव्हते. पडद्यावरच्या बाईचे ओठ एका भाषेत हलत होते आणि आवाज दुसऱ्या भाषेचा होता, तिथंही त्यांना धरायला काही उरलं नव्हतं. मी म्हटलं, "बदलतो मी. मूळ भाषेतला लावतो."

"असू दे की," आई म्हणाली. "आता कुठं कळाय लागलंय."

मी रिमोट हातात धरून बसलो. बदलला नाही. आप्पा उठले. "बघा तुमी. मी जरा पाय मोकळं करून येतो." चपला घातल्या आणि गेले.

त्यानंतर घरातल्या बाकीच्यांना अंदाज करत बसायचा कंटाळा येऊ लागला. परवा मी मुद्दाम मूळ भाषेतला सिनेमा लावला. आई अर्ध्यातून उठून स्वयंपाकघरात गेली. बायको तिच्या मागं. मुलगी मोबाईलमध्ये. आम्ही दोघंच राहिलो. एक म्हातारी दारात उभी राहून परक्या माणसाला काहीतरी सांगत होती. आप्पांनी माझ्याकडं मान वळवली.

"काय म्हणतीया ती? सांग की. तुला येतंय न्हवं?"

ह्याआधी त्यांनी मला कधीच विचारलं नव्हतं. मी त्यांच्याकडं तोंड केलं आणि ओठ मोठे करून, हळूहळू सांगू लागलो. ते माझ्या ओठांकडं बघत राहिले. माझं सांगून झालं तेव्हा म्हातारीनं दार लावून घेतलं होतं आणि पडद्यावर दुसरंच काहीतरी चाललं होतं.